ट्रंकेतला क्रम

बाबांच्या कॅसेटी पत्र्याच्या ट्रंकेत असत. भजनं, पोवाडे, सभेतली भाषणं, मध्येच राजकुमारचं एखादं कन्नड गाणं. निपाणीत १९८१चं तंबाखू आंदोलन झालं, त्यानंतर आमच्याकडे टेपरेकॉर्डर आला आणि बाबा कानावर पडेल ते भरून ठेवू लागले. जपायच्या कॅसेटची मागची प्लास्टिकची टिकली मोडायची, म्हणजे तिच्यावर दुसरं काही भरता येत नाही. एकीच्या लेबलवर नुसतं ‘१७ जानेवारी’ आहे. महाराष्ट्र-कर्नाटक सीमाभागात एवढं पुरतं. १९५६ साली बेळगावात गोळीबार झाला तो हा दिवस, दरवर्षी हुतात्म्यांना अभिवादन असतं. पण ही सभा कुठल्या वर्षाची, ते बाबांनाच ठाऊक.

अर्जुननगरच्या देवचंद कॉलेजात जायला लागलो तोवर (शिकायला महाराष्ट्रात, जेवायला कर्नाटकात) ट्रंक अडगळीत गेली होती. पुढे ग्रंथालयशास्त्र शिकताना ‘आयसॅड-जी’ हाती पडलं. अभिलेखसंग्रहांचं वर्णन कसं करावं, याचे आंतरराष्ट्रीय अभिलेखागार परिषदेनं १९९४ साली काढलेले आणि १९९९मध्ये सुधारलेले नियम. वर्णनाचे घटक २६, त्यातले अगदी आवश्यक सहा : संदर्भ क्रमांक, शीर्षक, निर्माता, तारीख, आकारमान आणि वर्णनाची पातळी. वाचायला रुक्ष. मुळाशी मात्र एक हट्ट आहे आणि तो मला पटला. ज्याचा संग्रह त्याच्या नावानं तो एकत्र ठेवावा, त्यानं लावलेला क्रम मोडू नये. भजनं एकीकडे, भाषणं दुसरीकडे असं लावून टाकलं की ट्रंक नेटकी होते आणि बाबा तिच्यातून निघून जातात.

म्हणून काही न हलवता नोंदी करायला बसलो. १७ जानेवारीच्या कॅसेटमध्ये वक्त्याचा आवाज चढत जातो आणि मध्येच खटका. पुढे आमचं घर. कात्रीनं तेंदूचं पान कापल्याचा आवाज येतो, आई शेजारणीशी कन्नडात बोलते, हजार विड्या भरायला अजून किती राहिल्या ते सांगते. मग पुन्हा टाळ्या. कुणाकडून तरी बटण दाबलं गेलं असणार, आणि टिकली बाबांनी त्यानंतरच मोडली असणार. भाषेच्या रकान्यात मराठी आणि कन्नड लिहिलं, तारखेपुढे ‘वर्ष अनिश्चित’. निर्माता, बाबा. आईचा उल्लेख आशयात. हे मला खटकत राहिलं, कारण कोऱ्या कॅसेटी तिच्या विड्यांच्या मजुरीतून यायच्या.

याच दिवसांत पुतण्यानं मोबाइलवर मुंबईच्या ‘स्वदेशी’ या हिपहॉप गटाचा २०२०चा ‘चेतावनी’ अल्बम ऐकवला. गटात एमसी मवाली मराठीतून रॅप करतो, एमसी तोडफोड गुजरातीतून करायचा. तो २०२२मध्ये गेला, ऐन चोविशीत. आरेच्या जंगलासाठी तिथले आदिवासी कार्यकर्ते प्रकाश भोईर यांना बरोबर घेऊन याच पोरांनी वारल्यांचं गाणं केलं होतं. बाबांनी ही शाहिरीच म्हणून ऐकली असती. मला त्रास झाला तो मोबाइलचा. दोन गाणी झाली की तिसरं भलत्याच कुणाचं. पोरांनी विचार करून लावलेला क्रम गेला, बीट कुणी केली तेही शोधत बसायचं. कॅसेटच्या आतल्या कागदावर ढोलकीवाल्याचं नाव बारीक अक्षरात तरी असायचं. अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठानं २००७ साली हिपहॉपचा संग्रह उभा केला, त्यात रेकॉर्डींबरोबर जुन्या पार्ट्यांची हँडबिलंही आहेत. मला हेवा वाटतो तो हँडबिलांचा. तारीख, जागा, कोण कोण येणार, सगळं छापलेलं!

पुतण्यानं अल्बम पेनड्राइव्हवर घातला आणि ट्रंकेत टाकला. मी म्हटलं, हा संग्रह तुझा, निर्माता वेगळा, फार तर ‘संबंधित साहित्य’ म्हणून नोंद करतो.

“काका, ट्रंक एकच आहे की! मग आज्जीचं पण वेगळं काढणार काय?”

निर्मात्याच्या रकान्यात आता दोघांचीही नावं आहेत. पेनड्राइव्हवरून वाद चालूच आहे.