इशारा बंद करण्यापूर्वी

पायथॉनमध्ये कूटलेखनाचे जड गणित सहसा सी भाषेतील शेअर्ड लायब्ररीकडे सोपवलेले असते. तिची एक नित्य वापराची प्रत आणि एक डीबग प्रत. पायथॉन २.७ च्या काळात डेबियनमध्ये या दुसऱ्या फाइलच्या नावाला ‘_डी’ हा प्रत्यय असे. ही प्रत मोठी आणि मंद. पण डीबग पायथॉनसोबत चालवल्यास संदर्भगणनेतील चुका उघड करते.

कूटलेखनात अशा इशाऱ्यांचे मोल अधिक, कारण कमकुवत किल्लीही बिनतक्रार चालते. मात्र इशारा समजून घ्यावा लागतो. २००६ साली व्हॅलग्राइंड या तपासणी-साधनाच्या तक्रारी थांबवण्यासाठी डेबियनच्या ओपनएसएसएलमधून दोन ओळी वगळण्यात आल्या. दिसायला दोन्ही सारख्याच. एक गेल्याने काही बिघडले नाही. दुसरीतूनच यादृच्छिकता गोळा होत होती. मग बीज म्हणून उरला फक्त प्रक्रियेचा क्रमांक, म्हणजे प्रत्येक प्रकारच्या किल्लीसाठी कमाल ३२,७६८ शक्यता. दोष जाहीर झाला मे २००८ मध्ये. तोवर त्या किल्ल्या असंख्य सर्व्हरांवर रुजल्या होत्या.

म्हणून विद्यार्थ्यांनी इशारा मिटवण्याआधी, ती ओळ तिथे कशासाठी आहे, हे वाचावे.