दोन चिपा आणि एक काळा थेंब

५ ऑक्टोबर
दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावर व्हिडिओ गेम सापडला. बाबांनी १९९४ साली आणलेला, लाल-पांढरा. कंपनीचं नाव कुठेच नाही. लावला तर लाइटच लागेना. उघडून तपासलं तर व्होल्टेज रेग्युलेटर, ७८०५, गेलेला. तापकीर गल्लीतून नवा आणला, सोल्डर केला आणि मारिओ पळायला लागला!

बोर्डावर शेजारीशेजारी दोन लांब चिपा: यूए ६५२७पी आणि यूए ६५३८. एक खेळ चालवते, दुसरी चित्र काढते. जुलै १९८३मध्ये जपानात आलेल्या निन्टेन्डोच्या फॅमिकॉममध्येही कामाची हीच वाटणी. कॅसेटची ६० पिनांची खाचसुद्धा तीच. ज्याने ही नक्कल केली, तो मन लावून काम करणारा माणूस असणार.

९ ऑक्टोबर
मावसबहिणीचा अस्सल फॅमिकॉम दोन दिवसांसाठी मागून आणला. तिने त्याला एव्हीची वायर बसवून घेतली आहे. एकच कॅसेट आधी ह्यात, मग त्यात.

अस्सलावर मारिओ चपळ आहे. तिथे सेकंदाला ६० चित्रं, आमचा ‘पाल’ टीव्हीपद्धतीचा, म्हणून ५०. खेळाचा ठेका चित्रांवरच चालतो, त्यामुळे आमचं गाणंही संथ. सूर मात्र जवळपास तोच, कारण चिप १.७९ मेगाहर्ट्झऐवजी १.७७वर चालते. निन्टेन्डोने युरोपसाठी केलेल्या मशीनची १.६६वर चालायची, म्हणजे इथे नक्कलच मूळ जपानी मशीनच्या जास्त जवळ!

मग उडीचा आवाज. अस्सलात भरीव, आमच्यात बारीक, नाकातला. नक्कल करताना ध्वनिलहरीच्या दोन रुंदींची, ५० आणि २५ टक्क्यांची, अदलाबदल झाली आहे. दहादा ऐकलं. मला तो नाकातलाच आवाज उडीचा वाटतो. अस्सल ऐकून परक्या घरी आल्यासारखं झालं.

१० ऑक्टोबर
भाच्याचा गेम वर्षभरातच बंद. खोक्यावर ९९९ खेळ. प्रत्यक्षात वीसेक, तेच नावं बदलून. आत काडेपेटीएवढा बोर्ड आणि मधोमध इपॉक्सीचा काळा थेंब. दोन्ही चिपांचं काम त्या थेंबाखाली. चिपेला पाय नाहीत, नंबर नाही, सोल्डरिंग गन टेकवायला जागा नाही. फार राग आला. नकलेबद्दल माझी तक्रार नाही, आमचं बालपण तिच्यावरच गेलं. पण पोराच्या हातात दिलेली वस्तू उघडता तरी यावी.

माझा त्याला देऊन टाकला. लगेच कॅसेटला फुंकर मारायला लागला. म्हटलं, थांब रे, थुंकीने पिना गंजतात. कापसाला स्पिरिट लावून दिलं.