पूर्णाकाठची दैनंदिनी : बुडीचं काम

सोमवार, औंढा नागनाथ

हिंगोली जिल्ह्याला समुद्र नाही. बुडी मारून पोट भरणारी माणसं शोधतोय म्हटल्यावर लॉजवाला हसला आणि म्हणाला, ‘मग सिद्धेश्वरला भोयांकडं जा.’ येलदरीतून सुटलेलं पूर्णेचं पाणी तिथे पुन्हा अडतं. दोन्ही धरणं १९६८ची. आज नागनाथाचं दर्शन आणि मुक्काम.

मंगळवार, सिद्धेश्वर

पहाटे थर्माकोलच्या तराफ्यांवरून रात्रीची जाळी उचलली. रोहू, कटला, मधूनच एखादा मरळ. बुडी काही रोजची नाही. पण जाळं पाण्याखालच्या बाभळीच्या खुंटात गुंतलं की ओढून भागत नाही, फाटतं. मग एक जण कमरेला दोर बांधून उतरतो. गढूळ पाण्यात डोळ्यांचा उपयोग शून्य. चाचपत एकेक फास सोडवायचा. वर दोर धरलेला तोवर कुणाशी बोलत नाही.

मन्नारच्या आखातातले मोती काढणारेही दगडाच्या वजनाने तळ गाठत आणि वरच्या दोरवाल्याच्या भरवशावर राहत. त्यांच्या हाती निदान शिंपले तरी लागत. इथे आपलंच जाळं परत मिळवायचं! इराणच्या आखातातला मोती विकायला मुंबईला येई, बुडी मारणारा मात्र नावेच्या मालकाच्या उचलीतच बुडालेला असे. १८९३मध्ये जपानच्या मिकिमोतोने शिंपल्यात अर्धगोल मोती पिकवला. पुढे असे मोती बाजारात आले, त्यात १९२९ची जागतिक मंदी, आणि आखातातला तो धंदा बसला. उचल इथेही आहे, जाळ्यासाठी घेतलेली.

बुधवार, सिद्धेश्वर

पाऊस. जाळी सांधायचा दिवस.

एका म्हाताऱ्या मामांना मोत्यांचं विचारलं. सुई न थांबवता म्हणाले, ‘मोती कुठला, दादा? आमाला बोलावनं येतंय ते मड्यासाठी.’

विसर्जनाला पोरगं बुडालं, पुरात कुणी वाहून गेलं, की गाडी भोईवाड्यात येते. तळाचे खड्डे, कपारी, पाण्याची ओढ यांनाच ठाऊक. मजुरी ठरलेली नाही; घरचे देतील ते. त्या दिवसाची मासेमारी बुडते ती वेगळीच.

याला समाजसेवा म्हणून हात जोडणं फार स्वस्तातलं आहे. तहसील कार्यालयांनी गणपतीच्या आधी गावोगावच्या बुडी मारणाऱ्यांची यादी करावी, त्यांचा विमा उतरवावा, चांगला दोर आणि जीवरक्षक जॅकेट द्यावं आणि दर बोलावण्याचे पैसे आधीच ठरवून टाकावेत.