गुणधर्म, वतनदार आणि धम्म

आमच्या वस्तीतल्या बुद्धविहारात संध्याकाळी अभ्यासिका चालते. कचेरीतले काम आटोपून मी तिथे मुलांचा अभ्यास घेते. 'धातूंचे गुणधर्म' हा पाठ चालू असताना आठवीतल्या एका मुलाने विचारले, "ताई, माणसाला धर्म असतो, पण तांब्याचा धर्म कुठला?" बाकीची मुले हसली. मला मात्र तो प्रश्न मोलाचा वाटला. आपल्या मुलांना पुष्कळदा विज्ञानापेक्षा विज्ञानातले शब्दच जड जातात. पुस्तकातला शब्द म्हणजे परक्याच्या घरची वस्तू, तिला हात लावायचा नाही, नुसते पाठ करायचे, ही भीती पिढ्यान् पिढ्या आपल्या मनात घालण्यात आली आहे. ती घालवायची तर शब्दाचे मूळ उकलून दाखवले पाहिजे.

'गुणधर्म'मधल्या धर्म शब्दाचे मूळ 'धृ' हे आहे. त्याचा अर्थ धरणे. आपली माय पोराला "हात धर" म्हणते, तेव्हा ती हेच मूळ वापरते. पाणी धरून ठेवते ते धरण. ज्याला धरून आपण उभे राहतो तो आधार. मागणी धरून कचेरीपुढे बसणे म्हणजे धरणे. आता विज्ञानाचे पुस्तक उघडा. एखादा पदार्थ जे आपल्या ठायी धरून असतो तो त्याचा गुणधर्म. तांब्यातून वीज चांगली वाहते, त्याची तार ओढता येते, हे त्याचे गुणधर्म. पंख्यातल्या ज्या डबीला आपण कंडेन्सर म्हणतो ती विद्युतभार धरून ठेवते, म्हणून पुस्तकात तिचे नाव धारित्र. पदार्थ तापताना किती उष्णता धरतो ती उष्माधारकता. एक ग्रॅम पाणी एक अंश सेल्सिअसने तापवायला एक कॅलरी लागते. लोखंडाला तिच्या सुमारे नवव्या हिश्शात भागते. म्हणून तवा लगेच तापतो आणि आंघोळीच्या पाण्याला वेळ लागतो. एवढे सांगितले की मुले हा शब्द विसरत नाहीत.

माझे शिक्षण बी. कॉम. कागदोपत्री कुठे 'खातेधारक' लिहिलेले असते, तर कुठे 'खातेदार'. हे दोन्ही शब्द सख्खे चुलत भाऊ आहेत. फारसीतला 'दार' म्हणजे धरणारा, बाळगणारा; तोही याच जुन्या मुळाचा. दुकानदार, ठेकेदार, हवालदार ही सगळी त्याचीच माणसे. इंग्रजीतले फर्म आणि कन्फर्म लॅटिनमधून आले. तिथला घट्ट, पक्का अशा अर्थाचा शब्दही याच कुळातला मानतात.

याच कुळात आणखी एक शब्द आहे, तो आपल्याला बोचणारा. वतनदार! माझ्या आजोबांकडे महारकी वतन होते. शब्दाच्या अर्थाने ते वतन धरणारे. पण गावची दवंडी, सरकारी सारा पोचवणे, मेलेली जनावरे ओढणे, रात्री-अपरात्री आलेला हुकूम पाळणे, हे सारे जमिनीच्या तुकड्यासाठी आणि बलुत्याच्या भाकरीसाठी. खरे तर वतनानेच माणसाला धरून ठेवले होते. हे परमपूज्य बाबासाहेबांनी ओळखले आणि १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचे विधेयक मांडले. ही वतने कायद्याने रद्द झाली ती १९५८ साली.

'धर्म' शब्दाचीही अशीच गत केली गेली. आगीचा धर्म जाळणे, पाण्याचा धर्म वाहणे, तसा अमक्या जातीत जन्मलेल्याचा धर्म सेवा करणे, असे आपल्याला शिकवण्यात आले. पण तांब्याचा गुणधर्म कुणीही तपासावा: तार जोडा, दिवा लागतो. जातीचा गुणधर्म कोणत्या प्रयोगात सिद्ध झाला? २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी बाबासाहेब प्याले, हजारो लोक प्याले. पुढे सनातन्यांनी शेण, गोमूत्र, दूध, दही घातलेल्या १०८ घागरी ओतून तळे 'शुद्ध' केले. पाण्याचा कोणता गुणधर्म माणसाच्या स्पर्शाने बदलला होता? घाण झाली असेल तर ती त्या घागरींनी. १९३७ साली मुंबई हायकोर्टाचा निकालही आपल्याच बाजूने लागला.

पालीत हाच शब्द 'धम्म' होतो. तिथे त्याचा अर्थ शिकवण असा आहे, तसाच वस्तू, घटना असाही आहे. आणि त्या सर्व बदलणाऱ्या आहेत असे तथागतांनी सांगितले. जन्माने चिकटलेला, कधीही न बदलणारा गुण त्यात बसतच नाही. बाबासाहेबांनी १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात धम्म हा सामाजिक आहे असे मांडले. एकट्या माणसाला त्याची गरज नाही. दोन माणसे एकत्र राहू लागली की गरज पडते. म्हणजे माणसांना एकमेकांशी नीट धरून ठेवतो तो धम्म, आणि त्याचा आधार प्रज्ञा व करुणा. शब्दांची अशी पारख बाबासाहेबांना होती. पाली व्याकरण आणि शब्दकोशावर त्यांनी स्वतः केलेले काम महाराष्ट्र शासनाने १९९८ साली त्यांच्या लेखनाच्या सोळाव्या खंडात छापले आहे.

एक मात्र सांभाळावे. सारखा दिसणारा प्रत्येक शब्द नात्यातला नसतो. घराचे दार आणि दुकानदारातला दार वेगळे. पाण्याची धारही या कुळातली नव्हे. कुणी सांगितले म्हणून मानू नये, कोशात पाहून खात्री करावी. तीच आपली शिकवण आहे.

आईबापांनी शिकलेले असलेच पाहिजे असे नाही. आठवड्यातून एक दिवस पोराच्या पुस्तकातला एक अवघड शब्द त्याच्याकडून वाचून घ्यावा आणि विचारावे, "यातलं आपल्या बोलण्यातलं काय आहे?" बहुतेक वेळा काही ना काही सापडते. जे सापडेल ते पोराने वहीत लिहावे. शब्द आपला झाला की परीक्षेतला प्रश्नही परका वाटत नाही.