रोवणीआधीचा मनाई हुकूम

शेतजमिनीच्या मालकीचा दावा वर्षानुवर्षे चालतो, आणि तोवर ती जमीन कोणी पडीक ठेवत नाही. भंडारा जिल्ह्यात जुलै-ऑगस्टमध्ये धानाची रोवणी होते आणि दिवाळीच्या आगेमागे कापणी. एवढ्या एका हंगामात शेतांमधला धुरा हातभर सरकतो, धानाच्या दोन बांध्यांची एक होते, नाहीतर जमीन तिसऱ्याच्याच नावे विकली जाते. निकाल हाती येईपर्यंत वादाची जमीन वादाच्या वेळी होती तशीच राहावी, यासाठी दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ३९ प्रमाणे तात्पुरता मनाई हुकूम दिला जातो. वादपत्र निशाणी १, तर मनाईचा अर्ज बहुधा निशाणी ५. म्हणून वकिलांच्या बोलण्यात त्याचे नावच ‘निशाणी पाच’.

वादातील मिळकतीची नासधूस, नुकसान किंवा विक्री होण्याचा धोका असेल, अथवा प्रतिवादी वादीला ताब्यातून हुसकावू पाहत असेल, तर हा हुकूम मागता येतो. तीन गोष्टी पटवून द्याव्या लागतात: प्रथमदर्शनी बाजू, सोयी-गैरसोयीचा तोल आणि पैशाने भरून न येणारे नुकसान. सर्वोच्च न्यायालयाने दलपत कुमार विरुद्ध प्रल्हाद सिंह (१९९२) या निकालात या कसोट्या नीट उलगडल्या आहेत. प्रथमदर्शनी बाजू म्हणजे मालकी सिद्ध होणे नव्हे. तपासण्याजोगा खरा प्रश्न आहे, एवढे दिसले की पुरे.

या टप्प्यावर मालकीपेक्षा ताबा जास्त बोलतो. दावा दाखल झाला त्या दिवशी शेत कोण वाहत होते, हे आधी पाहिले जाते. सातबाऱ्यातील नमुना सात हक्क दाखवतो, नमुना बारा पीक. महसूल संहितेच्या कलम १५७ नुसार या नोंदी विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खऱ्या धरल्या जातात, पण फेरफाराने मालकी मिळत नाही. वडिलांच्या पश्चात फेरफारात सगळ्या वारसांची नावे चढतात, वहिवाट मात्र एकाच भावाची असते. सहहिस्सेदारांत एकाचा ताबा तो सर्वांचा मानला जातो. म्हणून वाटणीच्या दाव्यात बहिणीला भावाची शेती बंद पाडता येणे अवघड. जमीन विकू नये, गहाण ठेवू नये, एवढी मनाई मिळणे त्यामानाने सोपे. अर्ज लिहिताना हा फरक विसरला की मागितलेले सगळेच हातचे जाते.

रोवणी तोंडावर आली की घाई होते. नोटीस बजावण्यातच हुकमाचा हेतू फसणार असेल, तर न्यायालय कारणे नोंदवून एकतर्फी मनाई देऊ शकते. मात्र अर्जाची नक्कल व कागदपत्रे लगेच समोरच्याला पाठवावी लागतात आणि तीस दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न न्यायालयाने करायचा असतो. अशी मनाई येणार याचा वास लागलेला पक्ष आधीच कॅव्हेट, म्हणजे आपले ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नये अशी सूचना, दाखल करतो. त्याची मुदत नव्वद दिवस.

खरे कसब हुकमाच्या शब्दांत आहे. ‘जैसे थे’ एवढेच लिहिले, तर दोन्ही पक्ष आपलाच ताबा ‘जैसे थे’ म्हणून सांगतात आणि रोवणीसाठी पऱ्हे उपटून दोघेही एकाच बांधीत उतरतात. गट क्रमांक, क्षेत्र, चतुःसीमा, पीक कोणाचे उभे आहे आणि पुढचा हंगाम कोणी करायचा, हे हुकमात आले तरच तो शेतात पाळता येतो. कोर्ट कमिशनर याच कामी येतो. धुऱ्याची रुंदी, त्यावरची पळसाची झाडे, मामा (माजी मालगुजारी) तलावाचे पाणी वरच्या बांधीतून खाली उतरण्याची वाट, ताजी खोदलेली माती, हे तो नकाशासह टिपतो. ताबा कोणाचा हे ठरवणे त्याचे काम नाही. हद्दीचा वाद असेल तर भूमी अभिलेख खात्याची मोजणीच लागते. महारवाल खेवाजी ट्रस्ट विरुद्ध बलदेव दास (२००४) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की भरून न येणाऱ्या नुकसानीचे कारण दाखवल्याशिवाय दावा चालू असताना मिळकतीचे स्वरूप बदलू देऊ नये.

दोघांपैकी कोणाच्याही हाती जमीन सुरक्षित नसेल, तर आदेश ४० खाली रिसीव्हर नेमता येतो. तो शेत करायला देऊन उत्पन्न न्यायालयात जमा करतो. मारामारीची वेळ आली तर कार्यकारी दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली केवळ प्रत्यक्ष ताबा पाहून आदेश देतो. फौजदारी प्रक्रिया संहितेतील पूर्वीचे कलम १४५ ते हेच. मालकीचा निवाडा मात्र दिवाणी न्यायालयाचाच.

मनाई मोडली तर आदेश ३९ च्या नियम २-अ प्रमाणे मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. हुकूम मिळो वा न मिळो, त्यावर अपील चालते. पुरेशा कारणाशिवाय मनाई मिळवणाऱ्याकडून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९५ खाली पन्नास हजार रुपयांपर्यंत भरपाई वसूल होते. दाव्याचा निकाल लागला की तात्पुरती मनाई संपते. वादी जिंकला तर तिची जागा हुकूमनाम्यातील कायमची मनाई घेते.