फेल

आमच्या आरोग्य केंद्राच्या रजिस्टरमध्ये ऑगस्ट २०१५ मधली एक नोंद माझ्या अक्षरात आहे. 'रुग्णास पुढे नेण्यास नातेवाइकांचा नकार. धोका समजावून सांगितला.' खाली नवऱ्याचा निळा अंगठा. यातलं पहिलं वाक्य खरं आहे. दुसरं लिहिताना मला खरंच वाटत होतं.

मी तेव्हा बंधपत्रावर होतो. एमबीबीएस झाल्यावर सरकारची सेवा करायची, ती मला अक्राणी तालुक्यात मिळाली. तालुक्याचं नाव अक्राणी, मुख्य गाव धडगाव, आणि लोक दोन्हीला धडगावच म्हणतात. मी सांगलीकडचा. १ जुलै १९९८ ला धुळ्यातून नंदुरबार जिल्हा वेगळा निघाला, एवढीच या भागाची माहिती माझ्याजवळ होती, तीही स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकातली. सातपुड्यात पाडा म्हणजे एका टेकडीवर चार घरं आणि पुढच्या टेकडीवर दोन, हे तिथे गेल्यावर कळलं. लोक पावरी बोलायचे, मी मराठी. मधे आमचा शिपाई. तो सकाळी केसपेपर फाडायचा आणि दिवसभर माझं बोलणं पावरीत न्यायचा.

ती बाई पहिल्यांदा आली तो बाजाराचा दिवस होता. बाजाराच्या दिवशी ओपीडी शंभराच्या वर जाते, कारण मीठ-मिरची, बियाणं आणि दवाखाना ही कामं लोक एकाच फेरीत उरकतात. पंचविशीतली असेल. कडेवर दोन महिन्यांचं पोर, तिसरं. दम लागतो म्हणाली.

मी पुस्तकातला प्रश्न विचारला, "जिने चढल्यावर लागतो की बसल्या जागीसुद्धा?"

शिपायाने माझ्याकडे पाहिलं. जवळात जवळचा जिना तहसील कचेरीत होता. न्यूयॉर्क हार्ट असोसिएशनने १९२८ मध्ये दम लागण्याच्या चार पायऱ्या ठरवल्या, त्या आम्ही तोंडपाठ केलेल्या. नेहमीची कामं करताना दम लागतो की आराम करतानाही, यावरून आजार कुठवर आलाय ते मोजायचं. शहरात त्यासाठी जिना सोयीचा पडतो. इथे विचारायला हवं होतं की झऱ्यावरून हंडा घेऊन येताना वाटेत किती वेळा टेकतेस, आणि गेल्या होळीला किती वेळा टेकत होतीस.

दुसरा प्रश्न त्याहून वाईट होता. "झोपताना किती उशा घेते?" हृदयाचा रोगी आडवा झाला की छातीत पाणी दाटतं, म्हणून तो उशीवर उशी रचत जातो, आणि डॉक्टर उशा मोजतो. शिपायाने विचारून सांगितलं, "एक पण नाही." मी कागदावर लिहिलं, आडवं झाल्यावर दम नाही. ती हाताची उशी करून जमिनीवर झोपणारी बाई होती. आणि गेले आठ दिवस तर झोपतच नव्हती, कुडाच्या भिंतीला पाठ लावून बसून रात्र काढत होती. हे मला पुढे तिच्या पाड्याच्या आशा कार्यकर्तीकडून, आशाताईंकडून कळलं. मी उशा विचारल्या, तिने उशांचं उत्तर दिलं.

मग तिने उजव्या बरगड्यांखाली तळवा ठेवला आणि काहीतरी बोलली. शिपाई म्हणाला, "काळीज भरलंय म्हणते."

मला हसू आलं. काळीज डावीकडे, हिने हात ठेवला उजवीकडे. पोटात गॅस असणार. मी पित्ताच्या गोळ्या लिहिल्या. हिमोग्लोबिन आठ होतं, म्हणून लोहाच्या गोळ्या. सिकलसेलची तपासणी निगेटिव्ह आली, आणि माझ्या डोक्यातली या जिल्ह्याची यादी तिथे संपली. रक्त कमी, सिकलसेल, बाळंतपणाचा थकवा. स्टेथोस्कोप लावला, पण कपड्यावरून, आणि बाहेर पोरं रडत असताना. जो आवाज ऐकायचा राहिला तो तसाही लाजरा असतो. रोग्याला डाव्या कुशीवर वळवावं लागतं, स्टेथोस्कोपची घंटेसारखी बाजू हलकेच टेकवावी लागते, आणि खोलीत शांतता लागते. यातलं मी काहीच केलं नाही.

दहा दिवसांनी रात्री तिला झोळीतून आणलं. बांबूला चादर बांधून चौघांनी. पाऊस होता. ओठ काळेनिळे, तोंडाला गुलाबी फेस, पाय सुजून चकाकणारे. हे चित्र मात्र पुस्तकातलं होतं, ते मी ओळखलं. तिला बसतं केलं, ऑक्सिजन लावला, शिरेतून फ्युरोसेमाइड दिलं. त्याला आम्ही लघवीचं इंजेक्शन म्हणतो. हे औषध चाललं की बघण्यासारखं असतं. अर्ध्या तासात लघवी झाली, श्वास उतरला, तिने पोराला जवळ मागितलं.

मी स्वतःवर खूश होऊन ओसरीवर आलो. तिथे नवरा, सासरा आणि झोळीची माणसं उकिडवी बसलेली. मी म्हणालो, "हार्ट फेल्युअर आहे. हार्ट फेल झालंय तिचं. नंदुरबारला न्यावं लागेल."

शिपायाला भाषांतर करावं लागलं नाही. सगळ्यांना कळलं. नवरा थोडा वेळ गप्प राहिला, मग मला म्हणाला, "मग तू सुई कशाला दिली?"

इथे सगळे सगळ्यांना 'तू'च म्हणतात, कलेक्टरलाही. तेव्हा मला तो उर्मटपणा वाटला. मी १०८ ला फोन लावला. गाडी घाटाखालून यायची होती, दोन तास लागणार होते. तेवढ्यात त्यांनी तिला पुन्हा झोळीत घातलं. मी आवाज चढवला, मग रजिस्टर पुढे केलं, अंगठा घेतला. नर्सबाईंना म्हणालो, "या लोकांना जिवाची किंमत नाही." हे वाक्य रजिस्टरमध्ये नाही, म्हणून इथे लिहून ठेवतो.

सकाळी आशाताई आल्या. त्या त्याच पाड्याच्या. म्हणाल्या, "डॉक्टर, पाड्यावर पावणे जमलेत. लांबच्या पाड्यांवर निरोप गेलेत. आणि ती बसून चहा पितेय, सगळे तिच्याकडे बघत बसलेत."

मी विचारलं, का?

"तू सांगितलं ना, हार्टफेल झालं."

मी त्यांना समजावायला लागलो की हार्ट फेल्युअर म्हणजे हृदय बंद पडणं नव्हे. शरीराला हवं तेवढं रक्त हृदय पुढे ढकलू शकत नाही, किंवा ढकलताना मागे तुंबारा होतो, त्या अवस्थेला म्हणतात. माणूस त्यात वर्षानुवर्षं जगतो, कामं करतो. आशाताईंनी ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "फेल म्हणजे फेल ना पण?"

या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं, अजूनही फारसं नाही. मराठीत बोअर फेल गेला म्हणजे तिथे पाणी नाही, पैसे बुडाले. बियाणं फेल गेलं म्हणजे दुबार पेरणी. ब्रेक फेल म्हणजे दरी. 'थोडा फेल' असं काही आपल्या भाषेत नसतं. आणि हार्टफेल तर आपण पिढ्यान्‌पिढ्या एकाच अर्थाने वापरतो. माझे आजोबा गेले तेव्हा आई फोनवर सगळ्यांना हेच सांगत होती, हार्टफेलने गेले. मी डॉक्टर झालो आणि त्या शब्दाला दुसरा अर्थ चिकटवला. पहिला अर्थ माझ्याच घरातला होता, तो विसरलो.

इंग्रजीतही हे नाव धड नाही म्हणा. २००५ मध्ये तिघा डॉक्टरांनी ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये लिहिलं होतं की या नावाने रोगी आणि डॉक्टर दोघांचाही गोंधळ होतो, ते बदला. बदललं कुणी नाही. आमच्या कपाटात मृत्यूचं कारण लिहायचा सरकारी नमुना क्रमांक ४ असतो. त्यावर छापील सूचना आहे की ज्या आजाराने मृत्यू झाला तो लिहा, मरण कसं आलं ते लिहू नका, उदाहरणार्थ हार्ट फेल्युअर. म्हणजे सरकारी कागदसुद्धा या शब्दाला मरणाची तऱ्हाच समजतो. त्या रात्री ओसरीवर बसलेली माणसं आणि नमुना क्रमांक ४ एका बाजूला होते, मी एकटा दुसऱ्या.

आम्ही पाड्यावर गेलो. चढ होता, मी तीनदा टेकलो. आशाताईंनी मला तोंड उघडू दिलं नाही. त्यांनी पावरीत काय सांगितलं ते मला नंतर मराठीत सांगितलं: "बैल चढावर बसला तर मेला म्हणता का? ओझं उतरवता, पाणी दाखवता, मग उठतो. डॉक्टरने काल सुईने ओझं उतरवलं. पण बैल का बसला ते बघायला खाली न्यावं लागेल." सासऱ्याने दोन प्रश्न विचारले. नवऱ्याने एकही नाही, तो बांबू आणायला गेला.

चांदसैली घाटातून तळोदा, मग नंदुरबार, मग धुळे. इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, धुळ्याला झाला. रिपोर्टचा फोटो तिच्या नवऱ्याच्या भावाने कुणाच्या तरी फोनवरून मला पाठवला, आणि मी दुसऱ्यांदा चुकीचा ठरलो. तिच्या हृदयाची ढकलण्याची ताकद पूर्ण होती. बैल धडधाकट होता, फाटकच अरुंद झालं होतं. हृदयाच्या डाव्या बाजूला वरच्या आणि खालच्या कप्प्यामध्ये जी झडप असते, ती निरोगी माणसात चार ते सहा चौरस सेंटिमीटर उघडते. तिची एकाच्याही खाली आली होती. लहानपणी घसा दुखतो, ताप येतो, सांधे सुजतात, बरं वाटतं, लोक विसरून जातात. शरीर घशातल्या जंतूशी लढताना स्वतःच्या झडपेलाही दुखावून बसतं आणि ती वर्षांनी आक्रसते. गरोदरपणात रक्त वाढतं, अरुंद दारापाशी गर्दी होते, फुप्फुसात पाणी झिरपतं. पुढे उजवी बाजूही थकते आणि यकृत सुजतं.

यकृत उजव्या बरगड्यांखाली असतं. खाटकाच्या दुकानात आपण काळीज मागतो तेव्हा तो जे देतो, तेच. तिने तळवा नेमका तिथे ठेवला होता आणि 'भरलंय' हा शब्द वापरला होता. आमच्या पुस्तकात त्याला कंजेशन म्हणतात, म्हणजे भरणं, तुंबणं. दहा दिवस आधी तिने मला निदान सांगितलं होतं, आणि मी पित्ताच्या गोळ्या दिल्या.

मोफत उपचारांच्या सरकारी योजनेचं नाव तेव्हा राजीव गांधी जीवनदायी होतं. तिचं नाव रेशनकार्डावर चढलेलं नव्हतं, त्यात तीन आठवडे गेले. मग नाशिकला मांडीच्या शिरेतून नळी घालून फुग्याने झडप उघडली. जपानच्या कांजी इनोऊए यांनी काढलेली ही पद्धत १९८० च्या दशकापासून चालत आलीय. छाती फाडावी लागत नाही.

एवढं झाल्यावर मी शहाणा झालो असेन असं कुणाला वाटेल. पुढच्याच वर्षी बदलीवर शहाद्याकडे होतो. एका शेतकऱ्याचा इको आला, झटक्यानंतर हृदय कमजोर झालेलं. मी मोठ्या काळजीने, फेल हा शब्द टाळून सांगितलं, "तुमचं हृदय ३५ टक्के काम करतंय."

त्यांचा चेहरा उजळला. "पस्तीस म्हंजे मी पास व्हयनू ना मंग?"

सोबतचा मुलगा हसला, मीही हसलो. रात्री जेवताना लक्षात आलं की आम्ही दोघंही चुकलो होतो. निरोगी हृदयसुद्धा १०० टक्के रिकामं होत नाही. भरलेल्या रक्तापैकी साधारण ५५ ते ७० टक्के ते एका ठोक्यात बाहेर टाकतं, बाकी आतच ठेवतं. म्हणजे त्यांचे ३५ हे शंभरपैकी नव्हते, साठ-पासष्टपैकी होते. मी त्यांचं दोन तृतीयांश हृदय एका वाक्यात मारून टाकलं होतं. नशीब, त्यांनी पासच ऐकलं. गोळ्या आनंदाने घेऊ लागले. दुरुस्ती करायला मी त्यांना पुन्हा बोलावलं आणि तांब्या भरून दाखवला, त्यातलं पाणी किती ओतायचं, किती ठेवायचं. त्यांनी शांतपणे बघितलं आणि म्हणाले की पास तो पासच.

बदलीआधी, मी धडगावलाच असताना, त्या बाईला नाशिकहून पेनिसिलिनचं इंजेक्शन लिहून दिलं होतं, दर २१ दिवसांनी, पुढची कितीतरी वर्षं. घशाला तो जंतू पुन्हा लागू नये म्हणून. मी तिला तारखांचं कार्ड करून दिलं, छान आखून. पहिल्या दोन तारखा चुकल्या. मी आशाताईंकडे चिडचिड केली. त्यांनी कार्ड पाहिलं, उलटं करून पाहिलं, आणि विचारलं, "एकवीस दिवस म्हणजे तीन बाजार ना?"

तेव्हापासून ती दर तिसऱ्या बाजाराला यायची. पोर आता चालत यायचं. मिठाची पिशवी बाकावर ठेवायची, रांगेतल्या बायकांना माझ्याकडे बोट दाखवून पावरीत काहीतरी सांगायची, आणि त्या तोंडाला पदर लावून हसायच्या. शिपायाला विचारलं की तो म्हणायचा, काही नाही साहेब, तुम्ही सुई भरा.