वाक्यांतला कर्ता

आषाढांतली दुपार होती. तुर्भ्याच्या घाऊक बाजारांतून निघालेल्या कांद्या-बटाट्यांच्या गाड्या ताडपत्र्या ओढून रस्त्यांत उभ्या होत्या, आणि खाडीकडचें आभाळ भरून आलें होतें. माझी पुतणी खिडकीशीं पोर्तुगीज व्याकरण घेऊन बसली होती. चौलजवळच्या कोर्लई गांवीं ख्रिस्ती वस्तींत पोर्तुगिजीपासून उपजलेली एक बोली अद्याप नांदते. तिचा अभ्यास करण्याचा या मुलीचा मनोदय आहे. १७४० सालीं तो मुलूख मराठ्यांकडे आला, पोर्तुगीज गेले; भाषा मात्र राहिली, आणि मराठीच्या शेजारानें तिचें क्रियापद वाक्याच्या शेवटीं जाऊन बसलें.

"काका, 'शोव्ह' एवढेंच पद, आणि अर्थ 'पाऊस पडतो'! मग त्यांत कर्ता कोण?"

जन्मभर शिक्षकी केलेल्या माणसास असा प्रश्न म्हणजे मेजवानीच. मीं सांगितलें कीं, पोर्तुगिजींत पाऊस पडणें, रात्र होणें अशा अर्थाचीं क्रियापदें कर्त्यावांचून चालतात व तृतीयपुरुषी एकवचनांतच राहतात. अस्तित्व दाखविणारें 'आ' हें रूपही तसेंच. माणूस एक असो वा दहा, तें बदलत नाहीं. आपण मात्र 'माणूस आहे', 'माणसें आहेत' असा भेद करतों. तथापि 'उजाडलें', 'सांजावलें', 'गडगडतें' यांत आपणही कर्ता कोठें दाखवितों? आमचे वैयाकरण यांस भावकर्तृक क्रियापदें म्हणतात. क्रियेचा भाव हाच तेथें कर्ता. थॉमस स्टीफन्स या पाद्र्यानें पोर्तुगिजींत लिहिलेलें कोंकणीचें व्याकरण १६४० सालीं राचोल येथें छापलें गेलें. दादोबा पांडुरंगांचें मराठी व्याकरण आलें १८३६ सालीं. म्हणजे आपल्या घराची मोजदाद शेजाऱ्यानें आपल्याआधीं आरंभिली होती!

"अशीं वाक्यें मोठीं प्रामाणिक," मीं समारोप केला. "उजाडण्याचा दोष कोणाच्या माथीं मारावयाचा?"

मुलगी क्षणभर गप्प राहिली. मग पुस्तकांतून मान वर न करतांच म्हणाली, "परवां आजीला तुम्ही म्हणालांत, 'दादाला पत्र लिहावयाचें राहून गेलें.' तें कोणत्या प्रकारांत बसतें?"

मला उत्तर सुचलें नाहीं. दादा म्हणजे माझे थोरले बंधू, हिचे वडील. रेवदंड्याच्या घराच्या वांटणीवरून आम्हां दोघांत अबोला धरला गेला. सहा वर्षांनीं त्यांचें कार्ड आलें, 'एकदां येऊन जा.' उत्तर देण्यास मीं आज-उद्यां केलें, आणि दोन महिन्यांनीं त्यांच्या निधनाचीच वार्ता आली.

व्याकरण म्हणेल, पत्राचें लिहिणें हाच येथें कर्ता, तेंच राहिलें. वाक्यांत दोष नाहीं. दोष माझ्यांत होता, म्हणून तर मीं असें वाक्य निवडलें! आपल्या एकत्र कुटुंबांत अशा वाक्यांची सोय फार. कपबशी फुटते, दूध उतू जातें, बोलण्याला बोलणें वाढतें. कोणी कांहीं केलेलें नसतें. यामुळें पुष्कळ तंटे टळतात, हें मी नाकारीत नाहीं. सुनेच्या हातून बरणी फुटली असतां 'बरणी फुटली' म्हणणाऱ्या सासूचें वाक्य कर्त्यावर पांघरूण घालतें, आणि तें पांघरूण मायेचें असतें. पण तेंच पांघरूण मनुष्य स्वतःच्या अंगावर ओढूं लागला, म्हणजे त्यास माया म्हणतां येत नाहीं.

रात्रीं जेवणें आटोपल्यावर मी आईपाशीं बसलों. पुतणीलाही बोलावून घेतलें. म्हणालों, "आई, दादाच्या कार्डाला मीं उत्तर लिहिलें नाहीं. रागानें लिहिलें नाहीं."

या वाक्यांतही क्रियापद माझ्याकडे पाहत नाहीं. तें उत्तराच्या लिंगवचनाप्रमाणें चालतें. परंतु 'मीं' तेथें तृतीयेंत कां होईना, उभा असतो. त्यास पळतां येत नाहीं.

आई बराच वेळ बोलली नाहीं. बाहेर गडगडत होतें. मग नातीच्या पाठीवरचा हात तसाच ठेवून तिनें दुसरा माझ्या गुडघ्यावर ठेवला आणि म्हणाली, "झालें तें झालें."

तिच्या त्या वाक्यांत माझें नांव नव्हतें. तें वगळण्याचा अधिकार तिचाच होता.